224 आवाज आणि एक म्हातारा: रॉय डॉट्रीसच्या आवाजातलं गेम ऑफ थ्रोन्स

आधीच सांगते, हा रिव्ह्यू लांबणार आहे, कारण ऐकलंयच तेवढं. गेम ऑफ थ्रोन्स, म्हणजे सिंहासनासाठी भांडणाऱ्या घराण्यांच्या त्या इंग्रजी कादंबऱ्या, त्यांची पाचही पुस्तकं ऑडिओबुक म्हणून, पाचही रॉय डॉट्रीस नावाच्या माणसाच्या आवाजात, सगळी मिळून दोनशे तासांच्या आसपास. एकटं पहिलंच 33 तास 46 मिनिटांचं आहे. मी नाशिकहून रोज कंपनीच्या बसने सिन्नरला मुसळगाव एमआयडीसीत जाते, जायला पन्नास मिनिटं यायला पन्नास, म्हणजे हिशोब केला तर ह्या एकट्या पहिल्यालाच वीस वर्किंग डे लागतात, रविवारी मेथी निवडताना नि कपाट आवरताना ऐकलं ते वेगळं. सहा महिने ह्या म्हाताऱ्याबरोबर अप-डाऊन केलंय मी. नवऱ्यापेक्षा त्याचं जास्त ऐकलंय, आणि नवऱ्याने हे वाक्य वाचलं तर वाचू दे.

(हो, मालिकेचं खरं नाव अ साँग ऑफ आइस अँड फायर आहे, गेम ऑफ थ्रोन्स हे फक्त पहिल्या पुस्तकाचं नाव, माहितीये मला. पण टीव्हीमुळे सगळे सगळ्यालाच तेच म्हणतात, मी पण म्हणणार.)

घ्यायचं कारण 224. एका ऑडिओबुकात एकट्या माणसाने सगळ्यात जास्त पात्रांचे आवाज काढले म्हणून ह्याचं नाव गिनीज बुकात लागलं, 224 पात्रं, तेही पहिल्या पुस्तकासाठी. त्याच्या आधी हा मान जिम डेलकडे होता, अमेरिकेत हॅरी पॉटर ज्याच्या आवाजात ऐकतात तो. आता आपण मराठी माणसं, असला आकडा ऐकला की पहिलं काय आठवणार, वऱ्हाड निघालंय लंडनला. लक्ष्मण देशपांडे, एकटा माणूस, 52 पात्रं. आमच्याकडे कॅसेट होती आणि अण्णांनी ती इतकी वाजवली इतकी वाजवली की शेवटी टेप ताणली जाऊन अर्ध्या वऱ्हाडाचा आवाज जाड झाला होता, आम्हाला वाटायचं तो तसाच आहे. तर माझं गणित साधं होतं, 52 मध्ये एवढी मजा तर 224 मध्ये केवढी. चार वऱ्हाडं निघून वर सोळा माणसं उरतात.

आणि पहिले दोन दिवस मी अक्षरशः फसवल्यासारखी बसले होते.

कारण कानात येत होता एक म्हातारा. संथ, खर्जातला, मधेच श्वास ऐकू येतोय, जीभ टाळ्याला लागल्याचं ऐकू येतंय. बसचं इंजिन मोहदरी घाट चढताना असं काही बोंबलतं की ह्याचं हळू आवाजातलं काही म्हणजे काही कळत नव्हतं, मोठ्याने बोलला की दचकायला व्हायचं, मग आवाज कमी करा, मग परत कुजबुज आली की वाढवा. आणि 224 कुठायत ते 224, मला तर सगळे एकाच म्हाताऱ्याचे चुलतभाऊ वाटत होते. ऑडिओबुक घ्यायला खर्चलेलं क्रेडिट वाया गेलं म्हणून शेजारच्या सीटवरच्या मॅडमना सांगितलं पण होतं.

तिसऱ्या दिवशी शिंदे टोलनाक्यापाशी ट्रॅफिकमध्ये अडकलो. मे महिना, एसी नाव लिहिण्यापुरता, ड्रायव्हरने इंजिन बंद केलेलं. आणि नेमका तो चॅप्टर लागला ज्यात ओल्ड नॅन नावाची म्हातारी अंथरुणात पडलेल्या ब्रॅन नावाच्या पोराला एका पिढीभर न संपलेल्या हिवाळ्याची गोष्ट सांगते. बस शांत, बाहेर ऊन, आणि हा माणूस कानात इतक्या जवळून, इतक्या निवांतपणे बोलायला लागला की मी खिडकीतून बघायचंच विसरले. तेव्हा लक्षात आलं की मी आतापर्यंत चुकीची गोष्ट ऐकत होते. मी आवाज मोजत होते आणि तो गोष्ट सांगत होता.

घरी आल्यावर मग शोधाशोध केली की हा आहे कोण, आणि इथे मला थोडं रेंगाळू द्या कारण ह्या माणसाचं करिअर कळलं की ऑडिओबुक वेगळंच ऐकू येतं.

डॉट्रीस 1923 चा, गर्न्सी बेटावरचा. इंग्लंड नि फ्रान्सच्या मधल्या समुद्रातलं हे छोटं बेट 1940 मध्ये जर्मनांनी घेतलं, हा इंग्लंडला आला आणि कोवळ्या वयातच विमानदलात भरती झाला, बॉम्बर विमानात वायरलेस आणि गनवर. 1942 मध्ये विमान पाडलं गेलं नि पठ्ठ्या जर्मन कैदेत. 1945 पर्यंत तिथेच. आणि नाटकाची सुरुवात तिथे झाली, युद्धकैद्यांच्या कॅम्पात, कैद्यांनी कैद्यांसाठी बसवलेल्या नाटकांत. सुटल्यावर पहिला शो केला तोही माजी कैद्यांचाच, रेडक्रॉसच्या मदतीसाठी. मग इंग्लंडातल्या गावोगावच्या नाटक कंपन्या, मग 1950 च्या दशकाच्या शेवटापासून नऊएक वर्षं रॉयल शेक्सपिअर कंपनी. म्हणजे ह्याची तालीम माईकसमोर झालेलीच नाही, झाली ती शेवटच्या रांगेतल्या माणसाला ऐकू जाण्यासाठी.

आणि मग ब्रीफ लाइव्ह्ज. ही खरी गोम आहे आणि रेकॉर्डचा डंका पिटणारे हिच्यावर फार काही बोलत नाहीत. 1967 मधलं एकपात्री, पॅट्रिक गार्लंडने बांधलेलं, जॉन ऑब्री नावाच्या सतराव्या शतकातल्या एका इंग्रज गृहस्थाच्या टिपणांवरून. हा ऑब्री म्हणजे काय तर कुणाचं लग्न कसं झालं, कोण कुणाला काय म्हणाला, कोण कसा मेला, असल्या मोठमोठ्या माणसांच्या बारीक बारीक गोष्टी लिहून ठेवणारा माणूस. स्टेजवर पसाऱ्याने भरलेली खोली, त्यात सत्तरीचा ऑब्री, आयुष्याचा शेवट आलेला, एकटाच बडबडतोय, मेलेल्या लोकांच्या कुचाळक्या करतोय, मधेच डुलकी काढतोय. बस. डॉट्रीस तेव्हा जेमतेम त्रेचाळीस-चव्वेचाळीसचा होता. मेकअपला तासन्‌तास लागायचे. आणि त्याने ह्याचे प्रयोग किती करावेत, 1,782. लंडन, ब्रॉडवे, सगळीकडे. हाही एक गिनीज रेकॉर्ड झाला होता, एकपात्री प्रयोगांचा.

म्हणजे बघा, 1,782 रात्री ह्या माणसाने एकच काम केलं, म्हातारं होऊन, खुर्चीत बसून, मेलेल्या माणसांच्या भानगडी सांगायच्या. आता गेम ऑफ थ्रोन्सचं पुस्तक ज्यांनी कागदावर वाचायला घेतलं असेल त्यांना माहितीये, दर चार पानांनी एक घराणं येतं, त्यांचा झेंडा, मग आजोबा कोण, काकाला कुणी मारलं, आत्याचं लग्न कुणाशी ठरलं होतं आणि का मोडलं, मी दोन वेळा पुस्तक सोडलं होतं ते ह्याच्यामुळेच. आणि ह्याच्या तोंडून तेच ऐकताना बोअरच होत नाही! आपल्याकडे लग्नात जेवणं झाल्यावर एखादे थकलेले काका भिंतीला टेकून बसतात नि सुरू करतात ना, अगं ती निळ्या शालूतली, तिचा सासरा म्हणजे आपल्या बापूचा साडू, त्याने जमीन कशी गेली माहितीये का, अगदी तस्सं. तिथे कुणी काकांना म्हणत नाही की काका आवरा, सगळे सरकून जवळ येतात. डॉट्रीसच्या आवाजात तो टेकून बसण्याचा सूर आहे. पुस्तकाचं जे सगळ्यात कंटाळवाणं म्हणतात तेच ऑडिओबुकचं सगळ्यात भारी आहे, हे माझं मत आणि मी ते बदलणार नाही.

मधल्या काळात ह्याने पुष्कळ केलंय, भराभर सांगते. अमॅडियस सिनेमात मोझार्टचा कडक बाप, तो हाच. 1987 मध्ये सुरू झालेल्या ब्युटी अँड द बीस्ट नावाच्या अमेरिकन सिरीयलमध्ये भुयारात राहणाऱ्या लोकांचा म्होरक्या, ज्याला सगळे फादर म्हणतात, आणि त्या सिरीयलच्या लेखकांमध्ये कोण होता तर जॉर्ज आर. आर. मार्टिन, ही पुस्तकं लिहिणारा. म्हणजे हे दोघं एकमेकांना पुस्तकं लिहायच्या आधीपासून ओळखत होते, पहिलं पुस्तक आलं 1996 ला. 2000 मध्ये ब्रॉडवेवर टोनी अवॉर्ड मिळालं, वय 77. मेरी पॉपिन्समधली ती छोटी जेन आठवते? ती ह्याची मुलगी, कॅरन. बायको, तिन्ही मुली, सगळं घरच नाटक-सिनेमातलं.

आणि ह्या सगळ्यानंतर, ऐंशीच्या आसपास, जेव्हा आपल्याकडची माणसं पेपर वाचून दाखव म्हणतात तेव्हा हा माणूस रेकॉर्डिंगच्या बूथमध्ये बसला आणि सुमारे तीन लाख शब्दांचं पुस्तक मोठ्याने वाचायला घेतलं. तीन लाख शब्द भागिले 33 तास 46 मिनिटं, मिनिटाला दीडशेच्या आतच पडतात. म्हणजे बेताचा वेग. पण हा पक्का झालेला वेळ झाला. स्टुडिओत एका तासाचं काम तयार व्हायला साधारण दोन तास तरी बसावं लागतं असं धरतात, अडखळलं की वाक्याच्या सुरुवातीपासून परत, पोट गुरगुरलं परत, पान वाजलं परत. ते सगळं करत असताना आत्ता बोलतोय तो सैनिक आहे की भटारी, त्याचा आवाज तीनशे पानांपूर्वी कसा काढला होता, हे पण डोक्यात ठेवायचं. आता लोक प्रत्येक पात्राची छोटी क्लिप कापून ठेवतात, परत तो आला की आधी ऐकायची नि मग बोलायचं. मला आमच्या कंपनीतले मास्टर सॅम्पल आठवतात. आम्ही पण जॉब, म्हणजे तयार झालेला पार्ट, पास करायच्या आधी मास्टरशी ताडून बघतो, नाहीतर चार महिन्यांनी कुणाच्या लक्षात पण येत नाही की डायमेन्शन हळूहळू सरकत गेलीये. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता आवाजांबद्दल. दहा-बारा तास झाले की कान तयार होतो आणि मग कळतं की तो आवाज बदलतो म्हणजे काय करतो. पट्टी बदलत बसत नाही तो, बोली बदलतो. आपण नाही का, वऱ्हाडी, मालवणी, कोल्हापुरी ऐकल्या की चेहरा न बघता ओळखतो, ते त्याने इंग्रजीत केलंय. लॅनिस्टर घराण्यातल्या बुटक्या टिरियनचा आवाज मला फार आवडला होता, वाक्याच्या शेवटी असा झोका घेतो, पण ही कुठली बोली ते माझ्या मराठी कानाला कळेना. कार्डिफला मामेभाऊ आहे, त्याला मोबाईलच्या स्पीकरवर थोडंसं ऐकवलं.

"अगं ताई, हा तर वेल्श! माझा घरमालक सेम असा बोलतो."
"बघ म्हणजे चांगला काढलाय ना?"
"काढलाय, पण लॅनिस्टर ना हा? श्रीमंत घरातला? मग ह्याचे भाऊ-बहीण का नाही बोलत असं?"

आता ह्याला काय उत्तर देणार. पाटलांच्या वाड्यात तीन भावंडं, दोघं पुणेरी बोलतात आणि धाकटं एकटंच मालवणी, असा प्रकार झाला हा. पण खरं सांगू का, ऐकताना ते चालून जातं, कारण टिरियन त्या घरात उपराच आहे. डॉट्रीसने हा विचार करून केलं की सहज, देव जाणे, पण बसलंय फिट्ट.

सगळ्यात कमाल म्हणजे ह्याची म्हातारी माणसं. ओल्ड नॅन झाली, उत्तरेकडच्या बर्फाच्या भिंतीवर राहणारा आंधळा पंडित मेस्टर एमॉन, राजाच्या दरबारातला बेरकी पायसेल, आणि तो नव्वदीचा हलकट वॉल्डर फ्रे. चौघंही म्हातारे, चौघांचं म्हातारपण वेगळं! एकाचं थकलेलं, एकाचं शहाणं, एकाचं नाटकी, एकाचं वखवखलेलं. आपल्याकडे म्हाताऱ्याचा आवाज काढ म्हटलं की सगळे एकच थरथरता आवाज काढतात, शाळेच्या गॅदरिंगपासून सिरीयलपर्यंत. ह्याने चव्वेचाळिसाव्या वर्षापासून म्हातारं व्हायची प्रॅक्टिस केलेली, ऐंशीला मेकअपची पण गरज नाही.

आणि आता वाईट बाजू, कारण पैसे मोजलेत तर बोलणार.

मुली. डनेरिस पहिल्या पुस्तकात तेरा वर्षांची आहे. सान्सा, आर्या त्याहून लहान. ऐंशीचा माणूस तेरा वर्षांच्या मुलीचा आवाज काढतो तेव्हा काय होतं ते तुम्हाला कळलंच असेल. आर्या त्यातल्या त्यात जमलीये कारण ती मुळात आडदांड. बाकी जणी बोलायला लागल्या की मी वाक्याचा अर्थ घ्यायचा आणि आवाजाकडे कानाडोळा करायचा असं ठरवून टाकलं होतं, कानाचा कानाडोळा कसा करतात ते विचारू नका. आणि डनेरिसचे रोमँटिक चॅप्टर ह्याच्या आवाजात, बसमध्ये, शेजारी अकाउंट्सच्या मॅडम... हेडफोनची वायर सुटणार तर नाही ना ह्याच टेन्शनमध्ये मी होते.

उच्चार. टीव्ही सिरीज आली 2011 ला आणि ह्याची पहिली तीन पुस्तकं त्याच्या कितीतरी आधी रेकॉर्ड झालेली, त्यामुळे टीव्हीवाले म्हणतील तसं म्हणायचा प्रश्नच नव्हता. पीटर बेलिशला हा पेटायर म्हणतो. मला पहिले दोन चॅप्टर कळेचना हा नवीन कोण आला. पुढे ब्रिएनला ब्रायीन. टीव्ही बघून येणाऱ्यांना हे खुपणार, नवऱ्याने तर दहा मिनिटांत हेडफोन काढून ठेवला. मी सिरीज आधी बघितली नव्हती म्हणून माझ्यासाठी पेटायर हाच खरा, आता टीव्हीवाले चुकीचे वाटतात.

पण खरं दुखणं पाचव्या पुस्तकाचं. पहिली तीन पुस्तकं सलग झाली. चौथं 2005 मध्ये आलं तेव्हा डॉट्रीस मोकळा नव्हता आणि ते जॉन ली नावाच्या दुसऱ्या वाचकाने वाचलं. मग 2011 ला पाचवं आलं, जवळजवळ 49 तासांचं, आणि लोकांच्या आग्रहाखातर म्हणा कशाखातर म्हणा, डॉट्रीस परत आला. वय 88. नंतर चौथंही त्याच्याकडून परत रेकॉर्ड करून घेतलं, म्हणून आता पाचही त्याच्याच आवाजात मिळतात. इथे ते मास्टर सॅम्पल आठवा. मधे इतकी वर्षं गेली आणि आवाज सरकले. डनेरिस, जी आधीच अवघड होती, ती पाचव्यात एकदम गावाकडची आयरिश मावशी झालीये. काही जणांच्या बोली बदलल्या, काहींचे आवाज एकमेकांच्या अंगावर गेले. सलग ऐकणाऱ्याला तिसरं संपवून पुढे गेल्यावर हे असं काही टोचतं ना, की मी खरंच दोनदा मागे जाऊन तपासलं, पुस्तक तेच लावलंय ना. 88 व्या वर्षी 49 तासांचं पुस्तक वाचून काढलं ह्याला हात जोडावेच लागतील, पण त्याच्या शेजारी कुणीतरी बसून सांगायला हवं होतं की साहेब, ही मागच्या वेळी अशी बोलत नव्हती. क्वालिटीवाल्यांचं काम वाचकाने स्वतः करायचं नसतं. आमच्याकडे असा लॉट गेला असता तर मला मेमो मिळाला असता.

तरी पाचवं मी पूर्ण ऐकलं. का, तर मधलं निवेदन. पात्रांचे आवाज निसटले पण सांगणाऱ्याचा आवाज हलला नाही, उलट जास्त मुरला. बर्फातले, भिंतीवरचे चॅप्टर आहेत ना, त्यात तो कुणाचाच आवाज काढत नसतो, नुसतं सांगत असतो, आणि तिथे 88 वर्षांचा घसा असणं हे प्लसच आहे.

एक गोष्ट मला फार उशिरा जाणवली. आपल्याकडे कथाकथन ऐकत मोठी झालेली माणसं आहेत, शंकर पाटील, मिरासदार, माडगूळकर गावोगाव फिरून गोष्टी सांगायचे, अण्णा अजून सांगतात. त्यात एक असतं, सांगणारा थांबतो. लोक हसेपर्यंत थांबतो, हसून झालं की पुढचं वाक्य. बूथमध्ये समोर कुणी नसतं, काचेपलीकडे एक इंजिनीअर, तो काय हसणार. तरी डॉट्रीस थांबतो! टिरियनने एखादं खवचट वाक्य टाकलं की अर्धा सेकंद जागा सोडतो, हसायला. बसमध्ये एकटी हसायचे मी त्या जागेत. हजारो रात्री समोर माणसं बसलेली असल्याची सवय, ती बंद खोलीतही गेली नाही. मध्यंतरी एक मराठी ऑडिओबुक घेतलं होतं, नाव घेत नाही, पुस्तक उत्तम, वाचणाऱ्याचा आवाज पण एकदम घोटीव, आणि आठ तास बातम्या ऐकल्यासारखं वाटलं, कारण एकदाही कुठे थांबला नाही तो. स्टोरीटेल हे ऑडिओबुकचं अ‍ॅप 2017 ला मराठीत आल्यापासून आपल्याकडे ऐकणारे खूप वाढलेत, नाटकातली माणसं वाचायला बसतात तेव्हा फरक लगेच कळतो. आवाज चांगला असणं हे ह्या कामात पासिंग मार्क आहेत फक्त.

घेणार असाल तर काही उपयोगाचं. स्पीकरवर ऐकू नका, ह्याची कुजबुज गाडीच्या आवाजात बुडते, कान झाकणारा हेडफोन हवा. स्पीड वाढवायचा मोह होईल, मी 1.25 वर दोन चॅप्टर ऐकले आणि परत 1 वर आले, कारण त्या थांबायच्या जागाच चिरडतात. नकाशा नेटवरून काढून प्रिंट मारून पर्समध्ये ठेवा, ऐकताना मागे पान उलटून बघता येत नाही की हे रिव्हररन कुठे आलं. प्रत्येक चॅप्टरचं नाव म्हणजे ज्या पात्राच्या नजरेतून तो आहे त्याचं नाव, ते सुरुवातीला तो सांगतो, तेवढं नीट ऐका, ते सुटलं की पुढची पाच मिनिटं अंधारात. इंग्रजी फार भारी लागत नाही, माझं टेक्निकल डिप्लोमाचं आहे, पण पहिले सहा-सात तास धीर धरा. आणि झोपताना लावू नका. म्हणजे लावा, पण टायमर लावून, मी एकदा तशीच झोपले आणि सकाळी उठले तर तीन माणसं मेलेली होती नि कुणी मारली ते कळेना.

स्टार म्हणाल तर पहिल्या तिघांना पाच, मुलींचे आवाज धरूनसुद्धा. चौथ्याला साडेतीन. पाचव्याला तीन, आणि तेही ज्यांनी आधीची चार ऐकलीत त्यांनीच घ्या. सुरुवात पाचव्यापासून केलीत तर ह्या माणसाबद्दल तुमचं मत कायमचं वाईट होईल आणि मला राग येईल. 224 च्या नादाने तर मुळीच घेऊ नका, मोजायला बसलात तर तिसाच्या पुढे जाणार नाही तुम्ही.

सहावं पुस्तक अजून यायचंय. आलं तरी ते ह्याच्या आवाजात नसेल, डॉट्रीस 2017 च्या ऑक्टोबरमध्ये लंडनमध्ये वारला, 94 वर्षांचा होऊन.

टीव्हीवर पण तो आहे, हे मला अगदी शेवटी कळलं. पायसेलचा रोल त्यालाच दिला होता, पण तब्येतीमुळे सोडावा लागला आणि तो ज्युलियन ग्लोव्हरने केला. दुसऱ्या सीझनमध्ये मग छोटासा रोल मिळाला, ते हिरव्या आगीच्या बाटल्या बनवणारे असतात ना, त्यांच्यातला म्हातारा हॅलीन. नवऱ्याने सिरीज तीनदा बघितलीये आणि त्याला हा म्हातारा आठवतही नव्हता. मी शोधून तो एपिसोड लावायला लावला, सीन आला, मी डोळे मिटून घेतले आणि सहा महिन्यांच्या सवयीने नुसतं ऐकत बसले, तर नवरा म्हणतो, एवढं शोधून लावायला लावलंस आणि आता झोपतेस काय.